निघते म्हणणारी आणि थांब म्हणणारा

श्रोतेहो, आज मी एकाच गाण्याबद्दल बोलणार आहे. ‘बेबी, इट्स कोल्ड आउटसाइड’ हे अमेरिकी द्वंद्वगीत १९४४ साली लिहिले गेले, १९४९ साली चित्रपटात आणि तबकड्यांवर आले, आणि त्यानंतर जवळजवळ सत्तर वर्षांनी ते वाजवावे की नाही यावर नभोवाणी केंद्रांना श्रोत्यांचा कौल घ्यावा लागला. गाण्यातला प्रसंग अगदी साधा आहे. रात्र झाली आहे, बाहेर बर्फ पडतो आहे, एका पुरुषाच्या घरी आलेली स्त्री निघते म्हणते आणि तो तिला काही ना काही निमित्त काढून थांबवून घेतो. ती निघते म्हणते पण निघत नाही; सगळी गंमत यातच आहे आणि सगळे भांडणही यातच आहे. माझे म्हणणे असे की हे गाणे मुळात कागदावर वाचण्यासाठी लिहिलेले नाही. ते दोन गळ्यांसाठी, त्यातही दोन विशिष्ट माणसांच्या गळ्यांसाठी, रचलेले नाटुकले आहे, आणि जसजसे ते त्या दोघांपासून दूर गेले तसतसा त्याचा अर्थ ज्याच्या त्याच्या मर्जीवर गेला.

ती दोन माणसे म्हणजे फ्रँक लेसर आणि त्याची पत्नी लिन गार्लंड. लेसरचा जन्म न्यूयॉर्कमधला, १९१० सालचा. वडील पियानो शिकवणारे, सावत्र भाऊ आर्थर मैफिली गाजवणारा पियानोवादक; घरात अभिजात संगीताचा दरारा, आणि हा धाकटा मात्र रीतसर शिक्षणाला बगल देऊन लोकप्रिय गाण्यांकडे वळलेला. हॉलिवुडमध्ये त्याने पुष्कळ वर्षे दुसऱ्यांच्या चालींवर शब्द बसवले, आणि महायुद्धाच्या काळात स्वतःच चाली बांधायला सुरुवात केली. प्रस्तुत गाण्याच्या दृष्टीने हे महत्त्वाचे आहे, कारण शब्द आणि चाल एकाच डोक्यातून निघाल्याशिवाय अशी रचना सुचणे कठीण होते.

१९४४ साली लेसर दांपत्य न्यूयॉर्कच्या नॅव्हारो हॉटेलात राहायला आले आणि त्यांनी मित्रमंडळींना मेजवानी दिली. तिकडच्या करमणूक व्यवसायातल्या मंडळींची अशी रीत होती की जमलेल्यांपैकी प्रत्येकाने आपली काही कला सादर करायची. यजमानांनी शेवटी हे गाणे म्हटले, आणि त्यात सूचक विनोद असा की पाहुण्यांनी आता निघावे हे सुचवण्यासाठी, कोणी कोणाला निघू देत नाही असे गाणे निवडले होते. लिनने पुढे सांगितले आहे की त्या रात्री ते पुन्हा पुन्हा म्हणावे लागले आणि मग कित्येक वर्षे या एका गाण्याच्या जोरावर त्यांना उत्तमोत्तम मेजवान्यांची आमंत्रणे येत राहिली. ही गोष्ट नीट ध्यानात ठेवली पाहिजे. ऐकणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होते की समोर गाणारे हे नवराबायको आहेत. ती थांबणार की जाणार हा प्रश्न त्या दिवाणखान्यात उद्भवतच नव्हता, कारण ती तिच्याच घरी होती. श्रोत्यांना आनंद होता तो लटक्या नकाराचा आणि लटक्या आर्जवाचा, दोघांनी मिळून खेळलेल्या खेळाचा.

आता रचनेकडे वळू, कारण माझ्या मते या गाण्याचा खरा ऐवज तिथे आहे. नेहमीच्या द्वंद्वगीतात एक कडवे त्याचे, एक तिचे आणि धृपद दोघांचे, अशी वाटणी असते. लेसरने एकच चाल घेऊन ती तुकड्यातुकड्यांनी दोघांत वाटली. ती एक लहानसे वाक्य म्हणते आणि ते संपते न संपते तोच, तिने श्वास घेण्यासाठी सोडलेल्या जागेत, त्याचे वाक्य येऊन बसते. तिची सबब आणि त्याचे उत्तर एकमेकांच्या अंगावर आल्यासारखे ऐकू येतात, आणि आपण खोलीतले खरे संभाषण ऐकत आहोत असे वाटते. स्वरलेखनाच्या छापील प्रतीत लेसरने या दोन भूमिकांना नावे दिली होती ती अशी : तिची भूमिका ‘उंदीर’ आणि त्याची ‘लांडगा’. गाण्याची लय कशी असावी हे जिथे इटालियन शब्दाने लिहायचे, तिथे त्याने स्वतःच्या आडनावालाच इटालियन शेपूट लावून ‘लेसरांडो’ असा शब्द ठोकून दिला. माणूस किती मिस्कील होता याची एवढ्यावरून कल्पना यावी. एकमेकांवर चढणाऱ्या आवाजांचे हे वेड पुढेही सुटले नाही. १९५० सालच्या ‘गाइज अँड डॉल्स’ या त्याच्या संगीतिकेची सुरुवातच तीन जुगाऱ्यांच्या एकमेकांत गुंतलेल्या गाण्याने होते.

तिच्या सबबी आता जरा ऐका. आई काळजी करील, वडील येरझाऱ्या घालत असतील, शेजारी काय म्हणतील, बहिणीला संशय येईल, भाऊ दारात उभा असेल, अविवाहित मावशीचे मन तर फारच वाईट. संपूर्ण गाण्यात ती ज्यांची ज्यांची नावे घेते त्या सर्वांना तिच्या जाण्यायेण्याची चिंता आहे. पण आपल्यालाच इथे थांबायचे नाही, असे ती फार क्वचित आणि फार हलक्या आवाजात म्हणते. उलट आपण निदान प्रयत्न तरी केला असे उद्या सांगता यावे, असा विचार ती उघड बोलून दाखवते. १९४४ सालच्या अविवाहित अमेरिकी स्त्रीने रात्री परपुरुषाच्या घरी राहणे हा कुजबुजीचा विषय होता, आणि तिला जी वाट मोकळी हवी आहे ती या कुजबुजीतून काढायची आहे. पेल्यात काय घातले आहे, या तिच्या ज्या प्रश्नावरून पुढे एवढे रान उठले, तो त्या काळच्या चित्रपटांत आणि विनोदांत वारंवार येणारा ठेवणीतला विनोद होता; पेल्यात फारसे काही नसतानाच तो विचारायचा आणि आपल्या मनातल्या गोष्टीचे खापर पेल्यावर फोडायचे. शेवटच्या ओळीत तर दोघांचे आवाज एकत्र येतात आणि बाहेर थंडी असल्याचा निर्वाळा ते दोघेही एकमुखाने देतात. इतका वेळ ती सबब त्याची होती. आता ती तिचीही झाली. लेसरने निकाल शब्दांत दिलेला नाही, स्वरमेळात दिला आहे.

मराठी श्रोत्याला अशा प्रसंगाची ओळख करून द्यायला नको. साहिर लुधियानवी यांचे शब्द, जयदेव यांचे संगीत, आणि महंमद रफी व आशा भोसले यांचे आवाज लाभलेले १९६१ च्या ‘हम दोनों’मधले ‘अभी ना जाओ छोड़ कर’ आपल्याला पाठ आहे. तिथेही तो थांबवतो आणि ती निघते म्हणते. पण तिथे त्याला पुरते बोलू दिले जाते आणि मग तिला पुरते बोलू दिले जाते. दोघांमध्ये अंतर राखलेले आहे, म्हणून ते आर्जव वाटते. लेसरच्या गाण्यात हे अंतर मुद्दामच ठेवलेले नाही, आणि त्यामुळे ते गाणाऱ्यांच्या लकबीनुसार खेळकर तरी वाटते किंवा अंगावर तरी येते.

१९४८ साली लेसरने हे गाणे मेट्रो-गोल्डविन-मेयर या चित्रपटसंस्थेला विकले. लिनला हे मुळीच रुचले नाही. तिच्या लेखी ते गाणे त्या दोघांचे होते, आणि नवऱ्याला परस्त्रीबरोबर पकडल्यावर वाटावे तसे आपल्याला वाटले, असे तिने पुढे सांगितले. लेसरची बाजू अशी की हे गाणे असेच जपून ठेवले तर याच्या तोडीचे दुसरे आपल्याला कधी लिहिताच येणार नाही असे आपल्याला वाटू लागेल. दोघांचेही खरे होते असे मला वाटते. धंदेवाईक गीतकाराला गाणे विकावेच लागते. पण जे विकले गेले त्यात ‘हे दोघे आपल्याला माहीत आहेत’ हा अदृश्य भाग नव्हता, तो लिनजवळच राहिला.

१९४९ च्या ‘नेपच्यून्स डॉटर’ या चित्रपटात ते दोनदा येते. एस्थर विल्यम्स जायला निघते आणि रिकार्डो मोंटालबान तिला थांबवतो. त्याच ओघात दुसऱ्या जोडीकडे कॅमेरा वळतो, तिथे बेटी गॅरेट रेड स्केल्टनला थांबवते आणि तो बिचारा पळून जाण्यासाठी धडपडतो. म्हणजे भूमिकांची अदलाबदल ही आजच्या काळाची सुधारणा नव्हे, ती पहिल्याच जाहीर प्रयोगात होती. पोहण्याचे पोशाख बनवणाऱ्या स्त्रीच्या कथेत थंडीचे गाणे घालणे हाही एक विनोदच. १९५० च्या समारंभात या गाण्याला सर्वोत्कृष्ट गीताचे ऑस्कर मिळाले. पाच वर्षांपूर्वी रचलेले असूनही ते चालून गेले, कारण तोवर ते खासगी मेजवान्यांपलीकडे गेलेले नव्हते. त्याच १९४९ मध्ये डायना शोर आणि बडी क्लार्क, मार्गरेट व्हायटिंग आणि जॉनी मर्सर, एला फिट्झजेराल्ड आणि लुई जॉर्डन अशा जोड्यांच्या तबकड्या लागोपाठ आल्या आणि गाजल्या. होमर आणि जेथ्रो या ग्रामीण ढंगाच्या विनोदी जोडगोळीने जून कार्टरला घेऊन त्याचे विडंबनही त्याच वर्षी केले. गाण्याचे विडंबन त्याच वर्षी निघावे याहून लोकप्रियतेची दुसरी खूण नको.

आक्षेपही त्याच वर्षीचे. एनबीसी या नभोवाणी कंपनीने शब्द फार चावट म्हणून आधी नाक मुरडले आणि मग त्यात सिद्ध करता येण्यासारखे काही सापडत नाही म्हणून ते वाजवू दिले. दुसरा आक्षेपक अगदी अनपेक्षित होता. इजिप्तचे लेखक सय्यद कुत्ब त्या सुमारास कोलोरॅडो राज्यातल्या ग्रीली गावी शिकत होते. तिथल्या एका चर्चमधल्या नृत्यसंध्येचे वर्णन त्यांनी मायदेशी परतल्यावर १९५१ साली लिहिले : पाद्री स्वतः दिवे मंद करतो आणि ग्रामोफोनवर नेमकी हीच तबकडी लावतो, हे पाहून त्यांना शिसारी आली. गंमत अशी की ग्रीलीत तेव्हा दारूबंदी होती. अमेरिकेतल्या सोवळ्या गावांत ते मोडत असे. पुढे कुत्ब यांच्या विचारांचा इस्लामी चळवळींवर मोठा प्रभाव पडला, म्हणून काही लोक त्या चळवळींचा उगम एका गाण्याशी नेऊन भिडवतात. हा खमंग किस्सा मला अतिशयोक्त वाटतो. पण एक गोष्ट त्यातून दिसते. लिनच्या दिवाणखान्यात जे नवराबायकोचे लाडिक भांडण होते, ते हजारो मैलांवरून आलेल्या परक्या माणसाला एका समाजाच्या अधःपाताचा पुरावा वाटले, आणि शब्द तेच होते.

त्यानंतर गाणे हळूहळू नाताळच्या पेटाऱ्यात जाऊन बसले. यात नाताळाचा उल्लेखही नाही, फक्त थंडी आणि बर्फ आहे; पण डिसेंबरभर एका ठरावीक यादीतली गाणी वाजवण्याची प्रथा नभोवाणीवर रुळली आणि त्या यादीत याला कायमची जागा मिळाली. सर्वांत जास्त वाजणाऱ्या ध्वनिमुद्रणांत डीन मार्टिनचे १९५९ चे आहे, आणि त्यात समोर एक स्त्री नाहीच. तिच्या ओळी स्त्रियांचा गायकवृंद म्हणतो. माझ्या मते हा या गाण्याच्या इतिहासातला दुर्लक्षित पण निर्णायक बदल आहे. गायकवृंदाला स्वतःचे मन नसते. ती खरोखर जाऊ पाहते आहे की लटके बोलते आहे हे ज्या एका आवाजातून कळायचे, तो आवाजच तिथे नाही, आणि मग उरतो तो फक्त ऐकून न घेणारा पुरुष.

२०१७ च्या अखेरीस ‘मी टू’ चळवळ उभी राहिल्यावर या गाण्याकडे नव्याने पाहिले गेले ते साहजिक होते. २०१८ च्या नाताळआधी क्लीव्हलंडच्या एका केंद्राने ते वाजवणे थांबवले, कॅनडाच्या सीबीसी या सार्वजनिक नभोवाणीनेही थांबवले आणि तीव्र प्रतिक्रिया आल्यावर पुन्हा सुरू केले. सॅन फ्रान्सिस्कोच्या केंद्राने श्रोत्यांनाच विचारले आणि बहुमताने ते परत आणले. लेसरची मुलगी सुझन हिने वडिलांच्या गाण्याची बाजू घेताना जुन्या काळाचा दाखला दिला, आणि पेल्याच्या ओळीचा आजचा अर्थ, स्त्रियांना गुंगीचे औषध दिल्याचे आरोप झालेला विनोदी नट बिल कॉस्बी याच्या प्रकरणानंतर चिकटला असे सांगितले. तिचे म्हणणे मला पटते, पण पुरते नाही. ज्या मुलीला पेल्यात खरोखर काही घातले गेल्याच्या बातम्या ऐकत वाढावे लागले, तिला १९४४ च्या विनोदाची टीप वाचून मग हसायला सांगणे हे फार मोठे मागणे आहे. टीप वाचून हसू येत नाही, समज येते. त्याचबरोबर, गाण्यातल्या स्त्रीची वाक्ये तेवढी सुटी काढून त्यांवर निवाडा देणाऱ्यांनी शेवटच्या ओळीतला स्वरमेळ ऐकलाच नाही, असेही मला म्हणावेसे वाटते.

२०१९ मध्ये जॉन लेजंड आणि केली क्लार्कसन यांनी शब्द बदलून ते गायले. त्यात पुरुष तिच्यासाठी गाडी बोलावण्याची तयारी दाखवतो आणि निर्णय सर्वस्वी तुझा असे सांगतो. हेतू चांगला आहे, आवाज उत्तम आहेत, पण गाण्यातला ताण गेला. त्याला थांबवायचेच नसेल तर तिने इतक्या सबबी कोणासाठी द्यायच्या? शब्द तसेच ठेवून भूमिका बदलणाऱ्यांचा प्रयोग मला अधिक सरस वाटतो. २०१३ साली लेडी गागाने लांडग्याच्या ओळी घेतल्या आणि जोसेफ गॉर्डन-लेव्हिटने उंदराच्या. त्याआधी २०१० साली ‘ग्ली’ या दूरचित्रवाणी मालिकेत दोन तरुणांनी ते एकमेकांना उद्देशून गायले. लेसरने छापील प्रतीत स्त्री आणि पुरुष असे लिहिण्याऐवजी दोन प्राण्यांची नावे का लिहिली, हे त्याने कुठे सांगितल्याचे मला आढळले नाही. पण त्यामुळे कोणी कोणती ओळ गायची याची मोकळीक पुढच्या गायकांना आयतीच मिळाली आहे, आणि बेटी गॅरेटने ती १९४९ सालीच घेतली होती.