एक रुपयाची फी

श्रोतेहो, नमस्कार.

२५ डिसेंबर २०१७. इस्लामाबादमधली एक खोली. काचेच्या एका बाजूला हेरगिरीच्या आरोपावरून पाकिस्तानात फाशीची शिक्षा झालेले भारतीय नौदलाचे माजी अधिकारी कुलभूषण जाधव, दुसऱ्या बाजूला त्यांची आई आणि पत्नी. बोलायचं ते इंटरकॉमवरून. आई मराठीत बोलू लागली, तसं तिला अडवलं गेलं. ती थांबेना, म्हणून इंटरकॉमच बंद केला. भेटीआधी दोघींची टिकली, बांगड्या, मंगळसूत्र उतरवून घेतलं होतं. आईचं ते रूप पाहून मुलाने पहिला प्रश्न विचारला, बाबा कसे आहेत?

हे सगळं तीन दिवसांनी संसदेत सांगितलं परराष्ट्रमंत्री सुषमा स्वराज यांनी. मला ते निवेदन मंत्र्याचं कमी आणि वकिलाचं जास्त वाटतं. कोणता तपशील ऐकणाऱ्याच्या काळजाला भिडेल, ते त्यांना नेमकं कळत होतं. मंगळसूत्र उतरलेलं पाहून मुलाच्या मनात काय आलं असेल, हे मराठी घरात कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

सुषमाताई मूळच्या वकीलच. १४ फेब्रुवारी १९५२ रोजी अंबाला छावणीत जन्म, चंडीगडला कायद्याचं शिक्षण आणि १९७३ पासून सर्वोच्च न्यायालयात वकिली. आणीबाणीत जॉर्ज फर्नांडिस यांच्यावर बडोदा डायनामाइट खटला भरला गेला, सरकारविरुद्ध स्फोटकं जमवल्याचा. जॉर्ज म्हणजे आपल्या मुंबईचे कामगार पुढारी, आणि समाजवादी. सुषमाताई वाढल्या संघपरिवारातल्या विद्यार्थी परिषदेत. तरीही त्या आणि त्यांचे पती स्वराज कौशल जॉर्ज यांच्या बचावाला उभे राहिले. सरकारविरुद्ध वकीलपत्र घ्यायला त्या दिवसांत छाती लागत असे. १९७७ मध्ये जॉर्ज तुरुंगातूनच मुझफ्फरपूरची निवडणूक लढले, तेव्हा प्रचारालाही त्या गेल्या. त्याच वर्षी, वयाच्या २५व्या वर्षी, त्या हरियाणात कॅबिनेट मंत्री झाल्या.

पुढचा प्रवास आपल्याला ठाऊक आहे. दिल्लीचं मुख्यमंत्रिपद, १९९९ मध्ये बेल्लारीत सोनिया गांधींविरुद्ध कन्नडमधून केलेला प्रचार आणि पराभव, लोकसभेतलं विरोधी पक्षनेतेपद. रेडिओवर बोलतो आहे, म्हणून एक गोष्ट मात्र सांगायलाच हवी. १९९६ च्या तेरा दिवसांच्या सरकारात त्या माहिती आणि प्रसारण मंत्री होत्या. विश्वासदर्शक ठरावावरची चर्चा दूरदर्शनवरून थेट दाखवली गेली ती त्यांच्याच कारकिर्दीत. त्या खात्यात परतल्यावर, डिसेंबर २००२ मध्ये, शिक्षणसंस्थांना स्वतःचं रेडिओ केंद्र चालवायची वाट मोकळी झाली. विद्यापीठांच्या आवारातून आज जे आवाज तुम्ही ऐकता, त्यांची सुरुवात तिथली आहे.

त्या परंपरावादी होत्या, आणि ते त्यांनी कधी लपवलं नाही. २००४ मध्ये सोनिया गांधी पंतप्रधान झाल्या तर मी मुंडन करीन, जमिनीवर झोपेन, असं त्या म्हणाल्या होत्या. ते मला तेव्हाही खटकलं, आजही खटकतं. प्रतिस्पर्ध्याशी युक्तिवादाने लढणाऱ्या बाईंना ते शोभलं नाही.

पण परराष्ट्रमंत्री म्हणून त्यांनी जे केलं, त्यासाठी मी त्यांचा कायमचा ऋणी आहे. २०१५ मध्ये येमेनमधून साडेचार हजारांहून जास्त भारतीय सुखरूप बाहेर काढले गेले. परदेशात पासपोर्ट हरवलेला, मालकाने अडकवून ठेवलेला माणूस ट्विटरवर दोन ओळी लिहायचा आणि मंत्री स्वतः उत्तर द्यायच्या. जणू प्रत्येक जण त्यांचा पक्षकार.

जाधवांचं प्रकरण त्यांनी हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात नेलं. वकील नेमले हरीश साळवे, नागपूरच्या साळवे घराण्यातले. साळवेंनी फी घेतली एक रुपया, आणि ते सुषमाताईंनीच मे २०१७ मध्ये जाहीर केलं. १७ जुलै २०१९ रोजी निकाल लागला: अटकेतल्या परदेशी नागरिकाला त्याच्या देशाच्या वकिलातीशी संपर्क करू देणाऱ्या व्हिएन्ना कराराचा पाकिस्तानने भंग केला आहे, शिक्षेचा फेरविचार व्हावा. तोवर त्यांचं मंत्रिपद गेलेलं होतं, तब्येतही ढासळलेली होती.

६ ऑगस्टच्या रात्री नऊच्या सुमारास त्यांचं साळवेंशी फोनवर बोलणं झालं. उद्या सहा वाजता या आणि तुमचा एक रुपया घेऊन जा, असं त्या म्हणाल्या. त्याच रात्री त्या गेल्या.

पुढच्या महिन्यात त्यांची मुलगी बांसुरी, तीही वकीलच, साळवेंकडे गेली आणि तिने एक रुपयाचं नाणं त्यांच्या हातावर ठेवलं.

नमस्कार.