पेन स्टेशन : न्यूयॉर्कने पाडलेले स्थानक

कोल्हापूरच्या छत्रपती शाहू महाराज टर्मिनसवर रूळ संपतात. संस्थानाने स्वतःच्या खर्चाने बांधलेला मिरज-कोल्हापूर हा मीटरगेज लोहमार्ग १८९१ साली सुरू झाला आणि १९७१ मध्ये ब्रॉडगेज येईपर्यंत मुंबईला निघालेल्या कोल्हापूरकराला पुण्यात ट्रंका-वळकट्या उतरवून दुसरी गाडी पकडावी लागत असे. विसाव्या शतकाच्या आरंभी न्यूयॉर्कला जाणाऱ्या प्रवाशांचीही अशीच अडचण होत असे. तिथे वाट अडवली होती हडसन नदीने. पेनसिल्व्हेनिया रेल्वेच्या गाड्या अलीकडच्या काठावर जर्सी सिटीत थांबत आणि पलीकडचे मॅनहटन हे न्यूयॉर्कचे मुख्य बेट गाठण्यासाठी प्रवाशांना सामानसुमानासह फेरीबोटीत चढावे लागे.

या कंपनीचे अध्यक्ष अलेक्झांडर कॅसॅट १९०१ मध्ये पॅरिसला गेले होते. त्यांची बहीण म्हणजे विख्यात चित्रकर्ती मेरी कॅसॅट. कलापूर म्हणवणाऱ्या आपल्या शहराने हे नाते आवर्जून लक्षात ठेवावे. पॅरिसमध्ये नव्यानेच उघडलेल्या ओर्से स्थानकात विजेवर चालणाऱ्या गाड्या जमिनीखालून थेट शहराच्या मध्यभागी येताना त्यांनी पाहिल्या. वाफेच्या इंजिनाच्या धुराने लांब बोगद्यात माणसे गुदमरतील, या भीतीपोटी नदीखालून जाण्याचा विचार तोवर मागे पडत आला होता. विजेने ती भीती दूर केली आणि गाड्या नदीखालून थेट मॅनहटनमध्ये आणून तिथे पेन स्टेशन हे स्थानक बांधायचे ठरले.

हडसनच्या तळाशी खडकाऐवजी मऊ गाळ होता. त्या गाळातून दोन बोगदे न्यायचे म्हणून पुढे एक भक्कम पोलादी ढाल लावण्यात आली; पाण्याच्या दाबावर चालणारे जॅक ती इंचाइंचाने पुढे रेटत आणि तिच्यामागे ओतीव लोखंडाची कडी बांगड्यांसारखी एकापुढे एक बोल्टांनी जोडली जात. नदी आत शिरू नये म्हणून बोगद्यात दाबाखालची हवा भरलेली असे. त्या हवेत काम करणारा मजूर बाहेर पडताना दाब हळूहळू उतरवला गेला नाही, तर त्याच्या रक्तात वायूचे बुडबुडे होऊन सांध्यांत असह्य कळा येत आणि कधी जीवही जाई. त्या काळच्या छायाचित्रांतील चिखलाने माखलेल्या या मजुरांकडे नीट पाहावे, कारण स्थानकाच्या कौतुकात त्यांचा उल्लेख क्वचितच होतो. १९०६ साली हडसनखालचे बोगदे दोन्ही बाजूंनी येऊन मिळाले. मॅनहटनच्या दुसऱ्या बाजूच्या ईस्ट नदीखालून आणखी चार बोगदे गेले. स्थानकाच्या जागेसाठी शेकडो घरे पाडण्यात आली आणि तिथल्या रहिवाशांना दुसरीकडे जावे लागले.

इमारतीचा आराखडा मॅकिम, मीड अँड व्हाईट या संस्थेच्या चार्ल्स मॅकिम यांनी केला. प्राचीन रोममधील कॅराकॅलाच्या स्नानगृहांवरून त्यांनी प्रतीक्षागृहाची कल्पना घेतली आणि सुमारे १५० फूट उंचीचे ते दालन इटलीहून आणलेल्या ट्रॅव्हर्टिन दगडाने सजवले. बाहेरच्या भिंतींना मॅसॅच्युसेट्समधील मिलफर्डचा गुलाबी ग्रॅनाइट होता, इमारतीभोवती ८४ खांब होते आणि माथ्यावर २२ दगडी गरुड. सगळे मिळून सुमारे आठ एकर. आपल्या टाऊन हॉलचा काळा घडीव दगड ज्यांनी जवळून पाहिला आहे, त्यांना अशा कामामागचे कष्ट वेगळे सांगायला नकोत. मात्र या स्थानकाची खरी शोभा प्रतीक्षागृहापलीकडच्या, लोखंड आणि काचेच्या दालनात होती. छताच्या काचांतून येणारा उजेड जमिनीत बसवलेल्या जाड काचेच्या ठोकळ्यांतून आणखी खाली झिरपत असे, त्यामुळे तळाशी फलाटावर उभ्या असलेल्या माणसालाही दिवस कळत असे. ज्याने हे स्वप्न पाहिले ते कॅसॅट १९०६ मध्ये आणि ज्याने ते रेखाटले ते मॅकिम १९०९ मध्ये निवर्तले. स्थानक खुले झाले १९१० साली.

पुढे मोटारी आल्या, महामार्ग झाले, विमाने उडू लागली. दुसऱ्या महायुद्धातली प्रवाशांची गर्दी ओसरल्यावर कंपनी तोट्यात गेली, भिंती काजळल्या आणि जमिनीवरच्या मोकळ्या आकाशालाही बाजारभाव आला. तळाचे फलाट तसेच ठेवून वरच्या जागेत मॅडिसन स्क्वेअर गार्डन हे क्रीडागृह आणि कार्यालयांची इमारत उभारायचे ठरले. ऑगस्ट १९६२ मध्ये वास्तुविशारद आणि नागरिक फलक घेऊन स्थानकासमोर उभे राहिले. परंतु खासगी मालकाला आपली इमारत पाडण्यापासून रोखणारा कायदाच शहरात नव्हता. २८ ऑक्टोबर १९६३ रोजी पावसात पाडकाम सुरू झाले. त्याच दिवशी क्रेनने खाली उतरवलेल्या गरुडाभोवती शिरस्त्राणे घातलेली माणसे छायाचित्रासाठी उभी राहिली. गाड्या एकही दिवस न थांबता खालून धावत राहिल्या, आणि वर तीन वर्षे घण चालत होते. खांबांचे तुकडे आणि पुतळे न्यू जर्सीतील सिकॉकसच्या दलदलीत नेऊन टाकले गेले.

१९६५ मध्ये न्यूयॉर्कने वारसा वास्तूंच्या संरक्षणाचा कायदा केला आणि १९७८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने त्याच कायद्याच्या आधारे ग्रँड सेंट्रल हे दुसरे स्थानक वाचवले. २०२१ पासून प्रवाशांना समोरच्या जुन्या टपाल कार्यालयात काचेच्या छताचे एक नवे दालन मिळाले आहे, पण मूळ जागेवर आजही क्रीडागृहच उभे आहे.

कोल्हापुरात टाऊन हॉल, नवा राजवाडा आणि संस्थानकाळातील कितीतरी इमारती अजून वापरात आहेत. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह आगीत सापडले, तेव्हा हे शहर रस्त्यावर येऊन रडले होते. अशा कोणत्याही वास्तूला हात लावण्यापूर्वी तिचे नकाशे आणि मोजमापे जनतेसमोर ठेवली जावीत आणि निविदा निघण्याच्या आधी जाहीर सुनावणी व्हावी, अशी आमची स्पष्ट मागणी आहे.