कुर्ट गेरॉन : पडद्यावरचा आणि पडद्यामागचा

'तीन पैशाचा तमाशा' तुमच्यातल्या अनेकांनी पाहिला असेल. पु. ल. देशपांडे यांनी तो ज्या जर्मन संगीतिकेवरून रचला, तिचा पहिला प्रयोग ३१ ऑगस्ट १९२८ रोजी बर्लिनमध्ये झाला. मॅक हा चाकूबाज गुंड साकारणाऱ्या हाराल्ड पाउलसेनला आपल्या प्रवेशाआधी आपला दबदबा सांगणारं गाणं हवं होतं. प्रयोग अगदी तोंडावर आला असताना संगीतिकेचे लेखक ब्रेख्त आणि संगीतकार वाइल यांनी ते रचलं, पण त्याच्या तोंडी दिलंच नाही. रस्त्यावरच्या गायकाच्या भूमिकेत ते गायलं जर्मन नट कुर्ट गेरॉननं. पुढे 'मॅक द नाइफ' म्हणून जगभर गाजलेलं हे गाणं रंगमंचावर पहिल्यांदा उमटलं ते त्याच्या आवाजात. त्याच नाटकात पोलीसप्रमुख टायगर ब्राऊनही तोच होता.

गेरॉनचा जन्म १८९७चा, बर्लिनमधल्या ज्यू घरातला. पहिल्या महायुद्धात तो जखमी झाला, वैद्यकीचं शिक्षण सोडून कॅबरेकडे, म्हणजे गाणी आणि विनोदी नकलांच्या रंगमंची कार्यक्रमांकडे वळला. देहानं अवाढव्य, त्यामुळे सिनेमावाल्यांनी त्याला ठरावीक साच्यातल्या भूमिका दिल्या. त्यांतही त्यानं माणूस शोधला, असं माझं ठाम मत आहे. पुढे उफा या जर्मन चित्रपट कंपनीत तो दिग्दर्शकही झाला. १ एप्रिल १९३३ रोजी, ज्यूंच्या दुकानांवर बहिष्कार पुकारला गेला त्याच दिवशी, चित्रीकरण चालू असताना त्याला स्टुडिओतून बाहेर काढलं. पॅरिस, व्हिएन्ना करत तो अॅमस्टरडॅमला पोहोचला आणि तिथे डच चित्रपट काढू लागला. १९४०मध्ये नाझी तिथेही आले. त्याच वर्षीच्या एका ज्यूद्वेषी प्रचारपटात त्याच्याच जुन्या चित्रपटांतले तुकडे त्याच्या समाजाला बदनाम करण्यासाठी वापरले गेले.

हॉलंडमधल्या वेस्टरबोर्कच्या छावणीतून त्याला १९४४मध्ये तेरेझिनश्टाट या नाझींच्या ज्यू-छावणीत नेलं. तिथे त्यानं कैद्यांसाठी 'कारुसेल' नावाचं कॅबरे उभं केलं. नंतर एसएस या नाझी दलानं त्याच्यावर एका प्रचारपटाचं काम लादलं. छावणीत ज्यू सुखात आहेत, फुटबॉल खेळतात, मुलं संगीतिका सादर करतात, हे जगाला दाखवायचं होतं. चित्रीकरण ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये झालं. एवढ्यावरून त्याला देशद्रोही, लाचार म्हणणारे पुष्कळ भेटतात. बंदुकीच्या धाकाखाली हातात आलेला कॅमेरा नाकारायला हवा होता, हे आज सुरक्षित खुर्चीत बसून ठरवायचा हक्क आपल्याला नाही. चित्रपट पुरा व्हायच्या आत, २८ ऑक्टोबर १९४४ला तेरेझिनश्टाटहून ऑश्विट्झच्या मृत्युछावणीला निघालेल्या शेवटच्या गाडीत पत्नी ओल्गासह त्यालाही कोंबलं. तिथे दोघांना मारण्यात आलं.

तरुण मित्रांना माझा आग्रह आहे की, गेरॉनची ओळख त्या प्रचारपटापासून करून घेऊ नका. १९३०चा 'ब्लू एंजल' हा चित्रपट शोधून बघा. त्यातली नायिका मार्लेन डीट्रिख हिच्यावर सगळ्यांची नजर असतेच. तुम्ही गेरॉननं साकारलेला कीपर्ट हा जादूगार बघा. विदूषक झालेल्या प्राध्यापकाच्या डोक्यावर तो भर कार्यक्रमात अंडी फोडतो आणि त्याला आरवायला लावतो. प्राध्यापक झालेल्या एमिल यानिंग्जची घुसमट त्या प्रसंगात इतकी अंगावर येते, त्याचं निम्मं श्रेय समोर उभ्या असलेल्या गेरॉनचं आहे.