प्रतिवादी क्रमांक 14

(दृश्य: कणकवली तालुक्यातली एक वाडी. कौलारू घर, दाराला कुलूप.)

हे घर वर्षातून दोनदा उघडतं, गणपतीत आणि मे महिन्यात. एरवी कुलूप. त्याच दाराच्या फळीवर बेलिफ समन्सची प्रत चिकटवून गेला आहे. पावसानं शाई उतरली, शिक्का तेवढा वाचता येतो: दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर. दावा वाटपाचा. घरमालकाचं नाव प्रतिवादींच्या यादीत चौदावं.

कोकणात वाटपाच्या दाव्याला चौदा प्रतिवादी म्हणजे काही फार नाहीत. सातबारा हातात घ्या. जमीन काही गुंठे, आणि खातेदारांची नावं संपता संपत नाहीत. पणजोबा गेले, वारसांचे फेरफार होत गेले, वाटप मात्र कागदावर कधी आलंच नाही. आंब्याची कुठली कलमं कोणाची, कुठली खाचरं कोणाची, हे सगळं तोंडी. मग कोणाला घर बांधायचं असतं किंवा जमिनीला गिऱ्हाईक येतं, आणि दावा लागतो.

दाव्यात सगळ्या सहहिस्सेदारांना सामील करावंच लागतं. पत्ता मात्र सोयीनं घातला जातो. गावच्या घराचा, नाहीतर गिरगावातल्या त्या चाळीचा, जी पाडून कधीच टॉवर उभा राहिला. माणूस राहतो नालासोपाऱ्याला.

समन्स दाराला चिकटवता येतं, हे खरं. पण ज्या घरात प्रतिवादी एरवी राहतो, त्या घराच्या दाराला. घरातल्या सज्ञान माणसानं समन्स घेतलं तरी चालतं, पण तो माणूस प्रतिवादीसोबत राहणारा हवा. वाडीतल्या चुलत्यानं ‘देतंय त्याका’ म्हणून सही केली, तर ती बजावणी नव्हे. कोर्टाच्या परवानगीनं वर्तमानपत्रात जाहीर समन्स देता येतं. तेही आधी नेहमीच्या मार्गानं बजावणी होत नाही हे पटवून दिल्यावर.

तारखा पडतात. हजर न झालेल्यांविरुद्ध ‘एकतर्फी’ असा शेरा पडतो. या टप्प्यावर कळलं तर अजून सोपं असतं: गैरहजेरीचं सबळ कारण दाखवायचं आणि तो आदेश रद्द करून घ्यायचा. पण चौदाव्याला कळतं ते मे महिन्यात, मोजणीदार बांधावर उभा राहिल्यावर. तोपर्यंत हुकूमनामा, म्हणजे दाव्याचा निकाल, झालेला असतो.

(दृश्य: कोर्टाबाहेरचा व्हरांडा. बाकावर फायली, काळे कोट.)

“माका कागद गावलोच नाय.” व्हरांड्यातलं हे वाक्य कायद्याच्या भाषेत ऑर्डर 9, रूल 13. दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 सालची. समन्स रीतसर बजावलं गेलं नाही, किंवा पुरेशा कारणामुळे हजर राहता आलं नाही, यातलं एक सिद्ध केलं की एकतर्फी हुकूमनामा रद्द होतो. खर्चाची अट मात्र कोर्ट घालू शकतं. मुदत तीस दिवस: हुकूमनाम्याच्या तारखेपासून, आणि समन्स रीतसर बजावलंच नसेल तर हुकूमनामा कळल्यापासून. ‘कधी कळलं’ यावरच मग उलटतपासणी रंगते.

इथे एक मेख आहे. 1976 च्या दुरुस्तीनं सांगितलं की, तारीख माहीत होती आणि यायला वेळही होता, तर बजावणीतल्या निव्वळ त्रुटीवर हुकूमनामा रद्द होणार नाही. भावकीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कोणी समन्सचा फोटो टाकला असेल आणि याने खाली अंगठा दाखवला असेल, तर तो अंगठा अंगलट येऊ शकतो.

आता खरा प्रश्न. अर्ज एकट्या चौदाव्याचा. हुकूमनामा रद्द होणार तो कोणापुरता?

नियम सांगतो, त्याच्यापुरता. रत्नागिरीजवळच्या मिरकरवाडा बंदरातल्या ट्रॉलरच्या कर्जाचं उदाहरण घ्या. कर्जदार आणि दोन जामीनदार, तिघांवर वैयक्तिक आणि संयुक्त रकमेचा हुकूमनामा. एका जामीनदाराला समन्स मिळालं नव्हतं, तर त्याच्यापुरता हुकूमनामा रद्द होतो. बाकी दोघांवर बँकेची दरखास्त, म्हणजे वसुलीची कारवाई, चालू राहू शकते.

वाटपात तसं जमत नाही. चार शाखा, प्रत्येकीला चौथा हिस्सा, असा हुकूमनामा झाला. चौदावा म्हणतो, एक शाखा आजोबांच्या वेळीच आपला वाटा घेऊन वेगळी झाली, आता उरल्या तीन. हे सिद्ध झालं तर प्रत्येकी तिसरा हिस्सा. एकाचा अपूर्णांक बदलला की सगळ्यांचे बदलतात. चौदाव्यापुरती तिसऱ्या हिश्शाची आणि इतरांपुरती चौथ्याची, अशी एकाच जमिनीची दोन वाटपं कशी करणार? म्हणून त्याच नियमाला परंतुक आहे: हुकूमनामा एकट्यापुरता रद्द होण्यासारखा नसेल, तर इतर सगळ्या किंवा काही प्रतिवादींविरुद्धचाही रद्द करता येतो. म्हणजे समन्स मिळूनही जे घरी बसले, त्यांच्यासाठीही दावा पुन्हा उघडू शकतो. वादीचा जळफळाट होतो, आणि तो समजण्यासारखाही आहे. पण पत्ता नीट शोधला असता तर ही वेळ आली नसती, असंच आमचं मत.

एक सावधगिरी. एकतर्फी हुकूमनाम्यावर थेट अपीलही करता येतं, आणि अर्ज व अपील सोबत चालवता येतात; सर्वोच्च न्यायालयानं 2005 मध्ये भानुकुमार जैन खटल्यात ते स्पष्ट केलं. पण अपिलाचा निकाल आधी लागला, तर रूल 13 चा अर्ज बंद. अपील स्वतःहून मागे घेतलं असेल तरच अपवाद.

अर्ज फेटाळला, तर त्या आदेशावर अपील आहे. मंजूर झाला, तर वादीला तसं अपील नाही. उच्च न्यायालयात रिट याचिका करायची, तर त्यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) बसतं, आणि रत्नागिरी-सिंधुदुर्गची प्रकरणं आता घाट चढून तिकडे जातात.