नांदायला ये

पोस्टमन सही घेऊन रजिस्टरचा लिफाफा देतो. आत टाइप केलेले दोन कागद, खाली वकिलाचा शिक्का. मजकुराचा गाभा एका ओळीचा: नोटीस मिळाल्यापासून पंधरा दिवसांत नांदावयास यावे.

गोकुळ नांदतं, लक्ष्मी नांदते. लग्नात मात्र नांदायचं एकटीनंच, नवरा नांदवतो.

हा हुकूम न मानणारी एक बाई मुंबईत होऊन गेली. रखमाबाई. अकराव्या वर्षी दादाजी भिकाजींशी लग्न लागलं, पण राहिल्या माहेरी, आई आणि सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन यांच्याकडे. १८८४ मध्ये दादाजींनी बायकोनं नांदायला यावं म्हणून दावा लावला. न्यायमूर्ती पिन्ही यांनी तो फेटाळला. अपिलात तो निकाल फिरला, आणि मार्च १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी हुकूम दिला: महिनाभरात नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने कैद.

रखमाबाई म्हणाल्या, कैद चालेल.

धर्म बुडाला म्हणून केवढा गदारोळ! आणि ज्या दाव्यापायी तो चालला होता, तो मुळात आलेला इंग्लंडच्या चर्चच्या न्यायालयांतून. शेवटी १८८८ मध्ये दोन हजार रुपये घेऊन दादाजी बाजूला झाले. रखमाबाई लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या, सुरत-राजकोटला निवृत्त होईपर्यंत बायकांवर उपचार करत राहिल्या. १९५५ मध्ये गेल्या.

त्याच वर्षी हिंदू विवाह कायदा आला. त्यातलं कलम ९ म्हणजे हाच दावा. कैद तेवढी आधीच गेली होती; मालमत्तेवर जप्ती अजून येऊ शकते. इंग्लंडनं १९७० मध्ये कायदा करून हा दावाच मोडीत काढला. आपल्याकडे १९८३ मध्ये आंध्र प्रदेश उच्च न्यायालयानं हे कलम घटनाबाह्य ठरवलं. पुढच्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयानं ते कायम केलं.

आता कोर्टाच्या व्हरांड्यात याला कुणी कलम ९ म्हणत नाही. म्हणतात, तिनं पोटगीची केस टाकली, म्हणून त्यानं नांदायची टाकली. नवरा म्हणणार, मी तर बोलावतोय, तीच येत नाही, मग पोटगी कसली? हा डाव बरीच वर्षं चालला. जानेवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, नांदायचा हुकूम पाळला नाही एवढ्यावरून पोटगी नाकारता येणार नाही.

कलम तसं दोघांनाही सारखं. बायकाही हा दावा लावतात. तिच्या अर्जातही विनंती असते ती एवढीच: नवऱ्यानं मला नांदवावं.