धाड्कन, पण कुठून?

1895, फ्रान्स. सिनेमा नुकताच जन्मलेला, आणि तो दाखवणाऱ्या पहिल्यावहिल्या मंडळींपैकी ल्युमिए बंधूंची ही जेमतेम मिनिटभराची विनोदी मूकफिल्म. माळी झाडांना पाणी घालतोय, एक कार्टं मागून पाइपवर पाय देतं, पाणी बंद, माळी पाइपच्या तोंडात डोकावतो आणि कार्टं पाय काढतं. पुढचं सांगायला हवंय का?

त्याच वर्षी तिकडे अमेरिकेत, कॅन्ससमध्ये, मूकपटांचा पुढचा मोठा विनोदवीर बस्टर कीटन जन्मला. आईबाप दोघंही स्टेजवर काम करणारे, आणि बाप काय करायचा तर पोराला उचलून स्टेजभर फेकायचा, धरायला सोपं जावं म्हणून पाठीवर कपड्यांनाच बॅगेची मूठ शिवलेली असायची म्हणे. (आज असता तर थेट पोलीस स्टेशन!) पण पोरगं तिथंच शिकलं की आपण पडून हसलो तर पब्लिक गप्प बसतं, चेहरा कोरा ठेवला की लोळतं.

1912 ला मॅक सेनेट या निर्मात्याचा विनोदी फिल्म काढणारा कीस्टोन स्टुडिओ आला. पोलीस, गाड्या, पळापळ, कॅमेऱ्याचं हँडल हातानं फिरवायचं, ते जरा हळू फिरवलं की पडद्यावर सगळे सुसाट. मजा येते, पण खरं सांगू, दहा मिनिटांत डोकं उठतं.

कीटनचं तसं नाही. 1920 ची त्याची फिल्म 'वन वीक' घ्या. नवीन लग्न, आहेरात सुटं घर, नंबर टाकलेल्या खोक्यांत, नंबर बघून जोडत जायचं. नवरीवर डोळा असलेला एक जण गुपचूप नंबर बदलतो आणि मग जे काही उभं राहतं त्याला घर म्हणायचं धाडस पाहिजे. वादळात तर ते गरागरा फिरतं, आणि हा सगळा खेळ खराखुरा, सेट फिरत्या चकतीवर बांधलेला.

त्यात कळतं की प्लॉटच चुकला, आपला रुळांपलीकडे. घर मोटारीला बांधून ओढायला घेतात आणि नेमकं ते रुळांवर अडकतं. ट्रेन येतेय. दोघं डोळे झाकून घेतात. ट्रेन... बाजूच्या रुळावरून निघून जाते! कॅमेरा अशा कोनात लावलाय की दुसरा रूळ आहे हे आपल्याला तोवर कळतच नाही. हुश्श करतो ना करतो तोच उलट्या दिशेनं दुसरी ट्रेन, धाड्कन, घराचा चुराडा. ट्रेनही खरी बरं का.

कीटन त्या ढिगाऱ्यावर 'विकणे आहे'ची पाटी लावतो. निघता निघता परत येतो आणि घर कसं जोडायचं तो माहितीचा कागदही तिथंच अडकवून जातो.