राजीनाम्यातला ‘राजी’

राजीनामा म्हटलं की आपल्याला आधी भांडण आठवतं. शब्द मात्र मोठा समंजस आहे. अरबीतला ‘राजी’ म्हणजे संमत, फारसीतला ‘नामा’ म्हणजे लेख; मिळून संमतिपत्र. करारनामा, जाहीरनामा, मुखत्यारनामा यांच्याच पंगतीतला. ‘राज्य’शी त्याचं नातं जोडतात, ते चूक. ‘वनराजी’तली राजी म्हणजे रांग, तीही वेगळी, संस्कृत. सख्खं भावंड आहे ‘रजा’. रजा म्हणजे मुळात संमती, परवानगी. सुट्टीचा अर्थ नंतरचा. ‘नाराज’ही याच घरातला, त्यामुळे ‘नाराजीनामा’ हा वर्तमानपत्री विनोद व्युत्पत्तीनेही चोख उतरतो.

संमतिपत्राचं त्यागपत्र कसं झालं? मला याचा दुवा जमिनीच्या दप्तरात दिसतो. मुंबई इलाख्याच्या रयतवारीत, म्हणजे सरकारने थेट शेतकऱ्याकडून सारा घेण्याच्या पद्धतीत, जमीन सोडणारा खातेदार ती राजीखुशीने सोडत असल्याचा राजीनामा लिहून देई, आणि तीच जमीन घेणारा सारा भरण्याची कबुलायत देई. राजीनामा-कबुलायत ही जोडगोळीच होती. जमीन सोडण्यावरून पद सोडण्यावर यायला फार चालावं लागत नाही. गुजराती, कन्नड, तेलुगूतही हा शब्द पदत्यागाचाच. हिंदी-उर्दूत मात्र राजीनामा म्हणजे समेट. पद सोडायला तिथे इस्तीफा, म्हणजे ‘मला माफ करा, मोकळं करा’ अशी विनंती. ‘दोनों पक्षों में राजीनामा हो गया’ या वाक्याचं मराठी करताना दोन्ही पक्षांना घरी बसवू नका!

इंग्रजी रेझिग्नेशनची वाट निराळी. लॅटिन ‘रेसिग्नारे’ म्हणजे लाखेची मोहोर (सील) तोडणे, त्यावरून नोंद रद्द करणे, हक्क सोडणे. पद सोडणं आणि वाट्याला आलेलं निमूट सोसणं, दोन्ही अर्थ त्यात राहतात. दुसऱ्या अर्थासाठी मराठीत राजीनामा चालत नाही. ‘निमूटपणे’, ‘आता इलाज नाही’ असंच म्हणावं लागतं.

कायद्याला मात्र अजून ‘राजी’ लागतो. 1974च्या 33व्या घटनादुरुस्तीने खासदार-आमदारांचा राजीनामा स्वेच्छेचा आणि खरा नाही असं दिसलं, तर तो न स्वीकारण्याचा अधिकार सभापती-अध्यक्षांना मिळाला. त्याच वर्षी गुजरातच्या आंदोलनात आमदारांवर राजीनाम्यासाठी दडपण आलं होतं, ही त्यामागची पार्श्वभूमी.

साध्या नोकरीच्या अर्जातही घोटाळा होतो तो शब्दांचा. ‘राजीनामा देण्याचा विचार आहे’ हा नुसता इरादा. ‘मागणी मान्य न झाल्यास राजीनामा समजावा’ ही धमकी. ‘मी अमुक पदाचा स्वेच्छेने राजीनामा देत आहे, अमुक तारखेच्या कामकाजानंतर मला कार्यमुक्त करावे’, एवढं पुरतं. तारीख मात्र विसरू नये: पुढची तारीख घालून दिलेला राजीनामा ती उजाडेपर्यंत मागे घेता येतो, असं 1978 साली सर्वोच्च न्यायालयाने एका उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींच्याच प्रकरणात ठरवलं.